नावाचं चीज

रोकुस आंकरला चीज आवडत नव्हतं हे म्हणणं म्हणजे मांजराला पाणी आवडत नाही म्हणण्यासारखं आहे. खरं, पण फारच सौम्य. चीजचा वास आला की त्याची कानशिलं तापायची, जिभेखाली पाणी सुटायचं आणि पोटातलं सगळं वर यायच्या तयारीला लागायचं. हा माणूस दुसऱ्या कुठल्या गावात जन्मला असता तर कुणी ढुंकूनही पाहिलं नसतं. पण तो जन्मला गौडा गावात, आणि त्यातही एका चीजच्या व्यापाऱ्याच्या वखारीवरच्या माडीवर. खाली फळ्यांवर चीजची पिवळीधमक चाकं मांडलेली आणि वर आंकरांचा संसार. तक्तपोशीच्या फटींतून वास वर यायचा आणि थेट पाळण्यात शिरायचा.

गावाचं नाव गौडा असं आपण लिहितो. इंग्रज त्याला गूडा म्हणतो. गावचा माणूस मात्र घसा खरवडून, खाकरा काढल्यासारखा 'खाउदा' म्हणतो. म्हणजे नावातच 'खा' आहे. पण ती आज्ञा रोकुसनं कधी पाळली नाही. घरी सकाळी पाव आणि चीज, दुपारी पाव आणि चीज. आई म्हणायची, "खा रे, आपल्या गावाचं नाव आहे त्याला." पोरगं मान डोलवायचं, चीज खिशात घालायचं आणि शाळेच्या वाटेवर कालव्यात फेकायचं. त्या वर्षांत कालव्यातल्या बदकांनी चांगलं बाळसं धरलं. मोठेपणी कमावता झाल्यावर रोकुसनं आपलं स्वतःचं जेवण ठरवून टाकलं. पावावर लोणी, लोण्यावर चॉकलेटचे दाणे, सकाळीही तेच आणि दुपारीही तेच. मेणबत्त्यांच्या कारखान्यात तो माल बांधणाऱ्या विभागाचा मुकादम झाला, तरी डब्यात पाचवीतल्या पोराचा खाऊच असायचा.

लग्न त्यानं केलं ते मात्र स्तोल्वाइकच्या मुलीशी. स्तोल्वाइक म्हणजे गावाबाहेरच्या कुरणांतलं खेडं, आणि नेल म्हणजे तिथल्या चीज करणाऱ्या घरातली लेक. धारा आटोपल्या की हात कोपरापर्यंत घमेल्यात घालून फाडलेल्या दुधाचा चोथा फोडायचा, साच्यात दाबायचा, निथळलेली निवळी डुकरांना घालायची, हे तिला चालायला लागल्यापासून माहीत. आंकरांची वखारीवरची माडी ऐकून तिच्या बापाला वाटलं, चला, पोरगी चीजच्याच घरात पडली. त्यानं लग्नात एक अख्खं चाक दिलं. दोन माणसांनी उचलावं एवढं, आणि वर्षभर मुरवलेलं.

नव्या घरात ते आत आलं तेव्हा रोकुस खिडकीकडे पळाला.

"बाबांनी मुद्दाम राखून ठेवलं होतं माझ्या लग्नासाठी," नेल म्हणाली.

"सायकलींच्या खोपटात ठेव. घरात नको."

"किती दिवस?"

"कायमचं."

नेल हसली. लग्नानंतर नवरे सुधारतात या भरवशावर बायका काय काय खोपटात ठेवतात, त्याची मोजदाद कोण करणार? तिनं परसातल्या खोपटात एक फळी ठोकली, फळीवर चाक ठेवलं, खिळ्याला सुरी अडकवली. मग रोज दुपारी दोन सायकलींच्या मधे उभी राहून ती आपला घास खायची, आणि पेपरमिंट चघळत घरात यायची. पहिलं चाक संपलं, भावाकडून दुसरं आलं. मुलगी झाली, मोठी झाली, लग्न होऊन उत्तरेला गेली. फळी तिथंच राहिली.

तर असा हा माणूस गौडाच्या नावाचा कैवारी कसा झाला?

त्याचं असं झालं. मुलगी लहान असताना एकदा उन्हाळ्यात ते तंबू घेऊन इंग्लंडच्या समुद्रकाठी गेले. शेजारच्या तंबूत एक निवृत्त बस कंडक्टर होता. त्यानं विचारलं, "कुठले तुम्ही?"

"हॉलंडचे. लहान गाव आहे, तुम्हाला माहीत नसेल. खाउदा."

"काय म्हणालात?"

रोकुसनं वाळूत काडीनं नाव लिहिलं. कंडक्टर उडालाच. "गूडा! अगं ए, इकडे ये! हा माणूस गूडाचा आहे! चीजमधला!"

बघता बघता आठ-दहा माणसं जमली. कुणी हात मिळवले, कुणी लाल मेणाचं साल असलेलं चीज दाखवायला आणलं. ते रोकुसनं हात लांब करून, श्वास रोखून पाहिलं. मेणबत्त्या बांधणाऱ्या माणसाभोवती आयुष्यात कधी दोन माणसं गोळा झाली नव्हती.

"गूडा नाही," तो म्हणाला. "खाउदा. ख... ख..."

कंडक्टरला वाटलं, ह्याच्या घशात काहीतरी अडकलं. त्यानं रोकुसच्या पाठीत दोन सणसणीत बुक्क्या घातल्या.

बुक्क्यांचे वळ दोन दिवसांत गेले. पण आपण कुणीतरी आहोत ही जाणीव रोकुसच्या अंगात मुरली ती मुरलीच. चीजशी काही देणंघेणं नव्हतं. त्याला लागलं ते नाव. घरी परतल्यावर त्यानं जो भेटेल त्याचा उच्चार सुधारायला सुरुवात केली. स्टेशनावर वाट विचारणारा प्रवासी असो, दवाखान्यातली नवी डॉक्टरीण असो, गाडी चुकली तरी चालेल, रक्तदाब वाढला तरी चालेल, आधी खाउदा. पुढे त्यानं 'खाउदा शुद्धोच्चार मंडळ' काढलं. अध्यक्ष तो स्वतः, आणि सभासद दोन. एक औषधवाल्याची विधवा, जिला संध्याकाळ जात नव्हती, आणि दुसरा शेजारचा कोर, ज्याच्या दोन्ही कानांत यंत्रं होती. कोर म्हणायचा, "मला गूडा आणि खाउदा सारखंच ऐकू येतं. पण नेलची कॉफी झकास असते." कॉफीबरोबर प्रत्येकी एक बिस्किट मिळायचं आणि डब्याचं झाकण खट्कन बंद व्हायचं. मंडळ परदेशी दुकानांना पत्रं पाठवायचं: आमच्या गावाचं नाव लावता, तर ते नीट म्हणा तरी. उत्तर एकदाच आलं. आपल्या मौलिक सूचनेबद्दल आभार, सोबत दहा टक्के सवलतीचं कूपन. कूपन चीजवरचं होतं.

निवृत्त झाल्यावर तर पर्वणीच आली. उन्हाळ्यातल्या गुरुवारी सकाळी गावच्या चौकात, जुन्या तोलघरासमोर, पाहुण्यांसाठी चीजचा बाजार भरवतात. निळे सदरे, लाकडी खडावा, शेतकरी आणि व्यापारी एकमेकांच्या हातावर टाळ्या देत भाव ठरवतात आणि बसगाड्यांतून उतरलेलं जग फोटो काढतं. या तमाशाला एक बोलका माणूस हवा होता. रोकुसला निळा सदरा मिळाला, लाल रुमाल मिळाला आणि हातात ध्वनिक्षेपक आला. वाऱ्याच्या वरच्या अंगाला उभं राहायचं एवढी काळजी घेतली की बाकी स्वर्ग.

"म्हणा माझ्यामागं," तो गर्दीला सांगायचा. "घशात माशाचा काटा अडकलाय असं समजा. ख! ख! खाउदा!" चौकातली तीनशे माणसं खोकायची. "आणि याचा अर्थ काय? सोनं! सोन्याचं गाव, सोन्याचं चीज!" टाळ्या पडायच्या. रोकुस घरी यायचा तेव्हा त्याचे कान लाल असायचे, आणि नेल म्हणायची, "सदरा बाहेर वाळत घाल. वास येतोय ना तुला?"

याच चौकात इक्रामचं चीजचं दुकान लागायचं. तोंडाची तिखट, हाताची सढळ, आणि गिऱ्हाईक ओळखण्यात पटाईत अशी तिशीतली बाई. पहिल्याच गुरुवारी रोकुसनं तिला विचारलं होतं, "तुम्ही कुठल्या हो?"

"इथलीच. रेल्वेपलीकडच्या वस्तीतली."

"तसं नव्हे. मूळच्या?"

"मूळची होय? मूळची मी सरकारी दवाखान्याच्या दुसऱ्या मजल्यावरची," इक्राम सुरी पुसत म्हणाली. "आई सांगते, तिथूनच आणलं मला."

बाजूची गिऱ्हाइकं हसली. रोकुसही हसला, पण त्याला वाटलं, प्रश्न बिचारीला नीट समजला नाही.

त्याला जागेवर आणणारा घरात एकच होता, नेलचा भाऊ आर्त. वडिलांची शेती त्याच्याकडे, अजून कच्च्या दुधाचं चीज तो आणि त्याची बायको घरीच करायचे. रोकुसच्या सत्तराव्या वाढदिवसाला पाहुणे रीतीप्रमाणे भिंतीला पाठ लावून खुर्च्यांवर गोल बसले होते. सगळ्यांनी सगळ्यांचं अभिनंदन करून झालं होतं. वाढदिवसाला चीजचे तुकडे आणि मोहरीची वाटी नाही असं घर गावात हे एकटंच. इथं सॉसेज आणि काकडीचं लोणचं यायचं. लोकांना वाटायचं, आंकर कंजूष आहे. आणि कंजूषपणा त्या मुलखात अवगुणांत धरत नाहीत, म्हणून कुणी कधी खोलात गेलं नाही.

रोकुस गौडाच्या कीर्तीवर बोलत होता. आर्तनं लोणच्याची फोड तोंडात टाकली आणि म्हणाला, "दाजी, एक सांगा. गौडा गावात गाई किती?"

"गावात कशाला असतील?"

"चीज कोण करतं गावात?"

"गावात विकलं जायचं! तोललं जायचं! म्हणून तर नाव—"

"तेच म्हणतो मी. कुरण आमचं, गाई आमच्या, पहाटे उठून चोथा फोडणारे हात आमच्या बायांचे, आणि नाव लागलं तुमच्या तराजूला! आमची आजी मरेपर्यंत स्तोल्वाइकचं चीज म्हणायची. तुमच्या लोकांनी त्यावर कर घेतला, ठप्पा मारला, आणि झालं गौडाचं. मूल आमचं, बारसं तुमचं."

"स्तोल्वाइक जगात कुणाला म्हणता येणार आहे?" रोकुस म्हणाला.

"खाउदा येतंय का?"

खुर्च्यांवरचं मंडळ खाली बघून हसलं. रोकुस म्हणाला, "आणि नावाचा अर्थ सोनं आहे. गावची नदी, तिचं सोनेरी पाणी—"

"सोनेरी! नदीत पाय घालून बघा एकदा. ते पाणी पिवळं आहे ते गाळानं. म्हणजे गाळाचं गाव म्हणा."

"विद्वानांत मतभेद आहेत," रोकुस म्हणाला. वाद हरला की तो हेच म्हणायचा. नेल कॉफी ओतत होती. तिनं भावाच्या बशीत दुसरं बिस्किट ठेवलं आणि मगच झाकण लावलं.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात टीव्हीवाले आले. नावांच्या गोष्टी असा काहीतरी कार्यक्रम होता. बातमीदार मुलगी, तिचं नाव फ्लूर, फार गोड बोलायची. रोकुसनं नवा लाल रुमाल घेतला, न्हाव्याकडे जाऊन भुवया कापून घेतल्या. तोलघराच्या पायरीवर त्याची मुलाखत झाली आणि ती खरंच छान झाली. घसा, काटा, सोनं, सगळं यथासांग पार पडलं. तिथंच थांबलं असतं तर त्याच्या आयुष्याचं चीज झालं होतं. पण फ्लूर म्हणाली, "आता शेवटचं एक दृश्य घेऊ. तुम्ही नेहमीसारखे चीज विकत घेताय. बोला, चाला, कॅमेऱ्याकडे बघू नका."

नेहमीसारखे! या माणसानं जन्मात चीजच्या दुकानासमोर दोन पावलं मंद केली नव्हती. पण कॅमेरा चालू झालेला. रोकुस इक्रामच्या दुकानापाशी गेला, तोंडानं श्वास घेतला आणि सगळ्या चौकाला ऐकू जाईल अशा खणखणीत, निर्दोष उच्चारात म्हणाला:

"एक तुकडा खाउदा द्या."

इक्रामचा हात थांबला. रांगेतल्या दोन म्हाताऱ्यांनी एकमेकींकडे पाहिलं.

"काय देऊ?" इक्राम म्हणाली.

"खाउदा. चीज."

आता गंमत अशी की हे नाव साऱ्या जगासाठी आहे, फक्त त्या गावासाठी नाही. तिथं दुकानात जाऊन गौडा कुणी मागत नाही. मागतात ते वयावरून. कोवळं द्या, अर्धमुरं द्या, मुरलेलं द्या, जुनं द्या. चार वर्षांच्या पोराला आईनं पाठवलं तरी ते 'अर्धमुरं, अर्धा किलो' म्हणतं. नाव परक्याला लागतं. घरच्याला वय पुरतं.

इक्राम दोन्ही हात फळीवर टेकून पुढे झुकली. "काका, तुम्ही कुठले हो?"

"म्हणजे? मी इथला! मी रोकुस आंकर!"

"तसं नव्हे. मूळचे?"

मागची म्हातारी फिसकन हसली. रोकुसच्या कपाळावर घाम आला. इक्रामला वाटलं, गंमत पुरे, आणि तिनं वाट करून दिली. "बरं, इथं सगळंच खाउदा आहे, काका. कोवळं देऊ की जुनं?"

इथं रोकुसनं नुसतं 'अर्धमुरं' म्हटलं असतं तरी तरला असता. पण बुडत्याचा पाय खोलात. तो म्हणाला, "ताजं द्या. शिळं नको."

"शिळं!" दुसरी म्हातारी ओरडली. "जुन्या चीजला शिळं म्हणतो हा! अहो, दोन वर्षं मुरलंय ते!"

"चाखून बघा ना," इक्रामनं सुरीच्या टोकावर पातळ काप धरून पुढे केला. गिऱ्हाइकाला काप द्यायचाच, ती रीत. काप रोकुसच्या नाकापासून चार बोटांवर आला. सगळ्या देशानं पुढच्या रविवारी पाहिलं ते हे: गौडाच्या नावाचा कैवारी डोळे घट्ट मिटतो, निळा सदरा तोंडावर ओढतो आणि खडावा खडखडवत तोलघराच्या मागं पळतो.

रविवार उलटला आणि गावात दुसरा विषय राहिला नाही. पोरं सायकलवरून जाताना ओरडायची, "आजोबा, शिळं नको!" पाववाल्यानं चॉकलेटचे दाणे काचेच्या पुढच्या बाजूला मांडले. कोर तेवढा सभ्यपणे म्हणाला, "मला काही ऐकू आलं नाही," पण टीव्हीवर बोललेलं खाली अक्षरांत येतं.

मंगळवारी बाजार समितीचे अध्यक्ष मोइमान साहेब घरी आले. हे गृहस्थ वाईट बातमी नेहमी कॉफीबरोबर द्यायचे. एक बिस्किट झालं, झाकण लागलं, मग म्हणाले, "रोकुस, लोक काय वाट्टेल ते बोलतात. म्हणे तू चीज खातच नाहीस."

"काहीतरीच," रोकुस म्हणाला.

"मीही तेच म्हटलं. गौडाचा माणूस, स्तोल्वाइकचा जावई! वहिनी, तुम्हीच सांगा. खातो की नाही?"

नेल उभी होती. रोकुसनं तिच्याकडे पाहिलं. तिच्या तोंडून एक 'हो' निघावं एवढंच त्याला हवं होतं. एवढ्या वर्षांत तिनं त्याची एकही गोष्ट चारचौघांत खोडली नव्हती.

"त्यालाच विचारा," नेल म्हणाली आणि परसात गेली.

खोपटाचं दार करकरलं. ती परतली तेव्हा तिच्या हातात फळी होती, फळीवर अर्धं चाक, वर सुरी. ते सगळं तिनं कॉफीच्या टेबलावर, दोघांच्या मधोमध ठेवलं. खुर्ची ओढली, बसली, जाडसर तुकडा कापला आणि खायला लागली. सावकाश. मोइमान साहेबांनी कप खाली ठेवला.

"वहिनी, हे... खोपटात?"

"लग्न झाल्यापासून," नेल घास गिळून म्हणाली. "बसून खायची आज पहिलीच वेळ. बसून चव वेगळी लागते हो. तुम्ही घ्या ना एक."

मोइमान साहेबांनी घेतला. वाईट प्रसंगीही फुकटचं सोडू नये असे संस्कार होते त्यांच्यावर. रोकुस भिंतीला टेकला होता. वास त्याच्यापर्यंत पोचला होता, पण पहिल्यांदाच त्याला त्याहून वाईट काहीतरी होत होतं. बायकोच्या सुरीच्या लाकडी मुठीवर अंगठ्याचा खळगा पडलेला त्याला दिसत होता. मूठ इतकी झिजायला किती दुपारी लागतात, हे मुकादमाला सांगावं लागत नाही.

मोइमान साहेब मात्र हाडाचे बाजार समितीवाले. दारात टोपी घालताना त्यांना कल्पना सुचलीच. "गुरुवारी खा. सगळ्यांसमोर, एक तुकडा. लोक टाळ्या वाजवतील आणि विसरून जातील. गर्दीही होईल."

"आणि नाही खाल्लं तर?"

"तर गर्दी आणखी होईल. पण मग ध्वनिक्षेपक दुसऱ्याला द्यावा लागेल, रोकुस."

गुरुवारी चौकात मुंगीला शिरायला जागा नव्हती. गावचे लोक, जे एरवी त्या बाजाराला नाक मुरडतात, तेही सहकुटुंब आले होते. आर्त स्तोल्वाइकहून शेजारपाजार घेऊन आला होता. इक्रामला रोकुसची दया आली असावी. तिनं ताट पुढे करताना हळूच म्हटलं, "काका, बारीक कापलंय. अर्धमुरं आहे. नाक दाबा आणि गिळून टाका, लेकरांना औषध देतात तसं."

पण चारशे लोकांसमोर नाक कसं दाबणार? रोकुसनं तुकडा उचलला. गर्दीत त्यानं नेलला शोधलं. ती पहिल्या रांगेत होती, भावाच्या शेजारी, हातात चाखायच्या ताटातला काप. ती त्याच्याकडेच बघत होती. त्यानं तुकडा तोंडात टाकला.

पुढं काय झालं ते गावात अजून सांगतात. त्याचे गाल फुगले, डोळ्यांत पाणी आलं, मान ताठ झाली. पण बाहेर काही आलं नाही. माणूस टिकला. टाळ्यांचा कडकडाट झाला. तेवढ्यावर भागलंही असतं, पण मोइमान साहेबांच्या अंगात उत्साह संचारला. त्यांनी ध्वनिक्षेपक रोकुसच्या तोंडापुढं धरला. "आणि आता, रोकुस, नाव!"

"नाव! नाव!" लोक ओरडले.

आता हा 'ख' कसा निघतो? घशातून वारा सोडावा लागतो. आणि घसा मोकळा सोडला की तिथं दबा धरून बसलेला तुकडा एकतर खाली जाणार किंवा वर येणार. रोकुसनं विचार केला, घसा आवळून धरला, आणि जिभेच्या मागच्या मागं, भरल्या तोंडानं, जे निघालं ते निघालं:

"गूडा!"

चार कर्ण्यांतून ते चौकभर घुमलं.  मग बसमधून आलेला एक इंग्रज म्हातारा मोठ्यानं म्हणाला, "चला, शेवटी एकदाचं बरोबर म्हणाला!"

गाव हसलं. असं हसलं की व्यापारी टाळ्यांचे भाव विसरले, चीजच्या गाडीला जुंपलेल्या घोड्यानं गाडी मागं ढकलली. आर्त गुडघ्यांवर हात ठेवून वाकला होता. रोकुसनं लाल रुमाल तोंडाला लावला, त्यात सगळं सोडलं, रुमालाची चार टोकं नीट बांधली, मोइमान साहेबांच्या हातातला ध्वनिक्षेपक घेऊन ताटात ठेवला आणि गर्दीतून वाट काढत घरी चालू लागला. वाटेत कुणी त्याला त्रास दिला नाही. वाट देताना लोक हसू दाबत होते, ते त्याला जास्त लागलं.

संध्याकाळी दोघं स्वयंपाकघरात बसली. 

"तू हसलीस?" रोकुसनं विचारलं.

"नाही."

"का?"

"तोंडात घास होता."

त्यानं मान हलवली. मग म्हणाला, "खोपटात फार गारठा असेल नाही? हिवाळ्यात?"

"गारठ्यात चीज चांगलं टिकतं," नेल म्हणाली. "बायकांचं मला माहीत नाही."

 विद्वानांत मतभेद आहेत असं तो या वेळी म्हणाला नाही. सकाळी तो उठला तेव्हा फळी स्वयंपाकघराच्या भिंतीला ठोकलेली होती. खिळे नेलनं स्वतः मारले होते.

ध्वनिक्षेपक इक्रामकडे गेला. मोइमान साहेबांना आधी धाकधूक वाटली, पाहुण्यांना काय वाटेल वगैरे. मग तिनं पहिल्या गुरुवारी 'खाउदा' म्हटलं आणि पहिल्या रांगेतल्या पोरानं कान झाकले. असा 'ख' त्या चौकात कित्येक वर्षांत कुणी काढला नव्हता. परमुलखातून आलेल्या तिच्या आजीच्या बोलीत असे चार प्रकारचे घशातले आवाज आहेत, त्यातला हा सगळ्यात सौम्य, असं ती सांगते. नावाचा अर्थ सोनं की गाळ असं कुणी विचारलं तर म्हणते, "आधी चाखा, मग तुम्हीच सांगा." समितीतल्या एकानं तिला निळ्या सदऱ्यावर जुन्या काळच्या गवळणींची पांढरी टोपीही घालायला सुचवलं. तिनं त्याला जुनं चीज नेहमीच्या दुप्पट भावानं विकलं.

मंडळ मोडलं. औषधवाल्याची विधवा आता पत्ते खेळायला जाते. कोर अजून कॉफीला येतो आणि आता त्याला बिस्किटाबरोबर चीजही मिळतं, त्यामुळे त्याच्या मते गावाचा उत्कर्ष झालेला आहे. रोकुस गुरुवारी घराबाहेर पडत नाही. बाकीच्या दिवशी स्टेशनावर एखादा प्रवासी गूडा म्हणाला की त्याचे ओठ हलतात. पण तो बोट दाखवून वाट सांगतो आणि पुढं जातो.

नेल मात्र आठवड्यातून दोनदा सायकल काढून स्तोल्वाइकला जाते, वहिनीला चोथा दाबायला मदत करते. आर्तच्या बायकोचे खांदे दुखतात, नेलचे दुखत नाहीत. निदान ती तसं म्हणते. संध्याकाळी परतते तेव्हा तिच्या बाह्यांना, केसांना, नखांना निवळीचा आंबूस वास असतो. ती खुर्ची ओढते, फळीवरून चाक उतरवते आणि बसून खाते. टेबलाच्या दुसऱ्या टोकाला रोकुस पावावर चॉकलेटचे दाणे पसरतो, आणि थोड्या वेळानं उठून खिडकी उघडतो.

"गार वारा येतोय," नेल म्हणते, आणि उठून खिडकी लावते.

मग तो उघडतो. मग ती लावते. त्यात दोघांचं जेवण थंड होत नाही, कारण मुळात ते गरम नसतंच.